८ जुलैची रात्र

चिंचवडच्या मल्टिप्लेक्समधून तुम्ही बाहेर पडता तेव्हा साडेबारा वाजून गेलेत. जानेवारी २०२५. मोटरसायकलच्या सीटवर दव धरलंय. ते रुमालाने पुसता, मफलर घट्ट करता आणि स्पाइन रोडने मोशीकडे निघता. डोक्यात ‘संगीत मानापमान’ घोळतोय. १० तारखेला लागलेला, सुबोध भाव्यांचा सिनेमा. धैर्यधर ते स्वतः, भामिनी वैदेही परशुरामी, संगीत शंकर-एहसान-लॉय यांचं.

गोष्ट तुमच्या मनाला लागलीय, कारण ती तुमचीच आहे. श्रीमंताघरची भामिनी गरीब सेनापतीचं स्थळ नाकारते. अपमान झालेला धैर्यधरही मग ताठ होतो आणि तिला नाकारतो. पुढे ती वनमाला नावाने, साध्या पोरीच्या वेषात त्याच्या छावणीत जाते आणि ज्याचं तोंड पाहायला तयार नव्हती त्याच्यावर जीव टाकते. तुमच्या मोबाइलमध्ये चार दिवसांपूर्वीचा निरोप अजून तसाच आहे : मुलगा निर्व्यसनी आहे, घरचे चांगले आहेत, पण पुण्यात स्वतःचा फ्लॅट हवा होता. लातूरहून येऊन तुम्हाला सहा वर्षं झाली. मोशीत वन बीएचके भाड्याने, चाकणच्या कंपनीत अजून कॉन्ट्रॅक्टवर. धैर्यधराचं शौर्य निदान रणांगणावर दिसत होतं. पाळीमागून पाळी उभ्याने काढणाऱ्या माणसाचं धैर्य बायोडेटाच्या कुठल्या रकान्यात लिहायचं?

घरी जाववत नाही. नाशिक रस्त्याने सरळ पुढे जाता आणि इंद्रायणीच्या पुलाअलीकडे गाडी लावून नदीकडे उतरता. वर ट्रकांची रांग चाकणकडे सरकतेय. खाली पाणी काळं, संथ. दगडावर बसता, डोळे मिटता. वरचे हॉर्न एकेक करून विझत जातात. मग पुलावरचे दिवे जातात. मग पूलच जातो.

डोळे उघडता तेव्हा पाऊस आहे. इंद्रायणी लाल, फुगलेली, काठाशी शेवाळी दगडांवर आपटणारी. पलीकडे चिंबळीच्या बाजूला एकही दिवा नाही. मागे मोशी म्हणजे मूठभर घरं, कुडाच्या भिंती, कौलं, नागेश्वराचं देऊळ आणि चुलीचा ओला धूर. पहाट व्हायचीय. जुलै १९२१, तारीख ७. ज्येष्ठाची अमावास्या नुकतीच होऊन गेलीय. गावात गडीमाणसं कमी दिसतात, कारण माउलींची पालखी पंढरीच्या वाटेला लागलीय, फलटणच्या आसपास असेल. घरटी एखादा तरी वारीला गेलेला.

बैलगाडी जुंपणारा एक म्हातारा तुमच्याकडे निरखून बघतो.

“कुण्या गावचं म्हनायचं, पाव्हनं?”

“लातूरकडचा.”

“म्हंजी मोगलाईतलं!” तो हसतो. लातूर निजामाच्या राज्यात आहे, हे तुम्हाला क्षणभर आठवावं लागतं. “आन् निगाला कुटं?”

“मुंबईला. नाटक बघायला.”

म्हातारा कासरा हातात धरून थांबतो. नाटक बघायला मोशीहून मुंबईला जाणारा माणूस त्याने पाहिलेला नाही. त्याच्या गावात गाणं येतं ते कीर्तनात, भजनात, आणि यात्रेला आलेल्या तमाशाच्या फडात. पण तो काही विचारत नाही, गाडीत जागा करून देतो. चिखलात चाकं रुतत, निघत, तुम्ही चिंचवडच्या ठेसनावर पोचता.

तिसऱ्या वर्गाचा डबा, लाकडी बाकं, जी. आय. पी. रेल्वे. खंडाळ्यापुढे गाडी एका जागी चक्क थांबते आणि उलटी चालायला लागते. तुम्ही दचकता, बाकीच्यांना सवय आहे. बोरघाटातला चढ इतका उभा की सरळ रूळ टाकणं जमलेलं नाही. म्हणून गाडी एका टोकाला नेऊन तिचं तोंड फिरवतात आणि मग पुढचा उतार धरतात. आणखी सातआठ वर्षांनी हे रिव्हर्सिंग स्टेशन बंद होईल. आज ते आहे. खिडकीतून धुकं आत येतं, कोळशाचे कण डोळ्यांत जातात, आणि दरीतल्या धबधब्यांचा आवाज इंजिनाच्या धापेवर चढतो. तुम्हाला वाटतं, जायचं पुढे आणि चालायचं मागे, आजचा आपला प्रवास असाच आहे.

बोरीबंदर. ट्राम. ग्रँट रोडचा परिसर. बालीवाला थिएटर.

दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी, ८ जुलैच्या संध्याकाळी तुम्ही त्या दारात उभे आहात. तिकीट हातात आहे. त्याचे दर आज एरवीच्या कितीतरी पट लावलेत, तरी माणसं परत चाललीत. टिळकांना जाऊन अजून वर्ष व्हायचंय. त्यांच्या नावाने गांधींनी स्वराज्य फंड उभा केलाय, आणि आजच्या खेळाची सगळी मिळकत त्या फंडाला आहे. दाराशी पगड्या आहेत, पारशी टोप्या आहेत, भाटिया शेटजी आहेत आणि आजच नवी खादीची टोपी घातलेले चारदोन तरुण आहेत. तीन आठवड्यांनी, ३१ जुलैला, परळला परदेशी कापडाची पहिली मोठी होळी पेटेल. मुंबईची हवा आताच तापलीय. पण या क्षणी दाराशी बोलणं एकच आहे : नारायणराव आणि केशवराव एका रंगभूमीवर!

हे किती अवघड होतं, हे आज समजावून सांगावं लागतं. नारायण श्रीपाद राजहंस म्हणजे बालगंधर्व, गंधर्व नाटक मंडळीचे. केशवराव भोसले ‘ललितकलादर्श’चे, जी त्यांनी १९०८ मध्ये, वयाच्या अठराव्या वर्षी, हुबळीला काढली. दोन कंपन्या, दोन गायकी, दोन भक्तसंप्रदाय. एकाचा चाहता दुसऱ्याच्या खेळाला जायचा तो तुलना करायलाच. अशा दोघांनी एका नाटकात, तेही प्रेमी म्हणून उभं राहायचं. भामिनी बालगंधर्वांची, धैर्यधर केशवरावांचा. नाटक कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचं, ज्यांच्या ‘कीचकवधा’वर सरकारने ११ वर्षांपूर्वी बंदी घातली. टिळकांच्या या उजव्या हाताने मग श्रीमंती आणि शौर्य यांच्या भांडणाची प्रेमकथा लिहिली. तीत लग्न आहे, लाडिक रुसवा आहे. पण पैशापुढे मान तुकवायची नाही, हा कणाही आहे.

पडदा वर जातो. समोर ऑर्गन, सारंगी, तबला. अत्तराचा वास मागच्या रांगेपर्यंत आलाय.

भामिनी येते, आणि तुम्ही विसरता. तुम्हाला माहीत आहे की हा ३३ वर्षांचा पुरुष आहे. आज दुपारपर्यंत तुम्ही स्वतःला हेच बजावत होता. पण तो पदर सावरतो आणि तुमचं माहीत असणं संपतं. खांद्यावरून सुटलेला पदर दोन बोटांनी उचलून पुन्हा जागेवर ठेवायला तो घेतो जेमतेम दोन क्षण, आणि त्यात सगळी भामिनी आहे : लाड, अहंकार, बापाच्या पैशाची ऊब, आणि या सगळ्याखाली कुणीतरी आपल्याला हरवावं ही इच्छा. बायकांच्या जागेत एक कुजबुज सरकत जाते. शालू कसा चापूनचोपून नेसलाय, फुलं कुठं माळलीत, हे डोळ्यांत साठवून उद्या घरोघर तसं केलं जाईल. पुण्या-मुंबईच्या बायका या पुरुषाकडून नेसणं शिकल्या, ही मराठी समाजाच्या इतिहासातली फार सुंदर गोष्ट आहे असं मला वाटतं.

मग ती गाते. माइक नाही. आवाज मोठाही नाही. तरी शेवटच्या बाकावर प्रत्येक अक्षर पोचतं, कारण शब्द आधी येतो आणि सूर त्याला धरून चालतो. एका साध्या संबोधनावर आवाज थांबतो, त्याच शब्दाभोवती एकदा मिंडेने फिरतो, पुन्हा फिरतो, दर वेळी अर्थ थोडा बदलतो : आधी राग, मग रुसवा, मग विनवणी. ही जादू गोविंदराव टेंब्यांच्या चालींतली. पेटीवर बोटं बसलेल्या या कोल्हापूरच्या माणसाने पूरबेकडच्या ठुमऱ्या, दादरे, कजऱ्या मराठी रंगभूमीवर आणल्या, आणि खाडिलकरांनी त्या वळणांवर शब्द बसवले. ‘मानापमान’आधीच्या नाट्यपदांत साकी-दिंडीची चाल असे, कीर्तनाचा ठेका असे. इथे एकदम नजरेतलं बोलणं आलं.

आणि मग धैर्यधर. केशवरावांचा आवाज भाल्यासारखा वर जातो. तार सप्तकातल्या स्वरावर ते नुसते उभे राहतात, आणि थिएटरचं छत अजून थोडं उंच असायला हवं होतं असं वाटतं. तान सुटते ती एका दमात, दाणेदार. अर्धं थिएटर उठून उभं राहतं. “वन्स मोअर!” तुम्हीही ओरडता. मोशीच्या भाड्याच्या घरात मोठ्याने कधी न बोललेले तुम्ही.

लोक आलेत कुस्ती बघायला. कोण कुणाला मारतो, हे डोळ्यांत तेल घालून बघतायत. पण वनमाला छावणीत येते, तो प्रसंग सुरू होतो आणि तुमच्या ध्यानात एक गोष्ट येते. केशवराव गात असताना बालगंधर्व ऐकतायत. नटाचं खोटं ऐकणं वेगळं. इथे वनमालेची मान समेवर सरकते, डोळे किंचित मिटतात, आणि प्रेमात पडणं म्हणजे दुसऱ्याचं गाणं पूर्ण ऐकून घेणं एवढंच असावं, असं तुम्हाला वाटून जातं. मग तिची पाळी येते. भीमपलासातलं ते शरण जाणं. कोमल गांधारावरून आवाज षड्जाकडे उतरतो, टाळी वाजत नाही. इतक्या माणसांत कुणालाही टाळी वाजवावीशी वाटत नाही.

खेळ संपायला उत्तररात्र होते. त्या एका रात्रीचं उत्पन्न सोळा हजारांवर गेलं, सन १९२१ च्या रुपयांत. माणसं पावसात उभी राहून तेच प्रसंग पुन्हा पुन्हा एकमेकांना सांगतायत. तुम्ही मात्र गप्प आहात, कारण तुम्हाला पुढचं माहीत आहे. या रात्रीची एक ओळही कुठे ध्वनिमुद्रित झालेली नाही. कर्ण्यात तोंड घालून गायचं, तीनएक मिनिटांत तबकडी संपायची, असा तो काळ. आणि आजपासून ८८व्या दिवशी, ४ ऑक्टोबरला, केशवराव विषमज्वराने जातील. वय ३१.

तुम्ही ट्रामच्या रुळाशी उभे आहात, आणि आणखी मागे जायचं आहे. फार नाही, दहा वर्षं. अंतरही थोडंच, याच ग्रँट रोडवरचं रिपन थिएटर.

१२ मार्च १९११. रविवार. ‘मानापमान’चा पहिला प्रयोग, किर्लोस्कर मंडळीचा. धैर्यधर नानासाहेब जोगळेकर, लक्ष्मीधर गणपतराव बोडस, भामिनी २२ वर्षांचे बालगंधर्व. तुम्ही रंगपटाच्या दाराशी आहात, आत जात नाही. आत जायचं धाडस होत नाही. बालगंधर्वांची पहिली मुलगी आज गेलीय. खेळ पुढे ढकलू, असं मंडळींनी म्हणून झालंय. त्यांनी नको म्हटलंय. माणसं नाटक बघायला आलीत, ती परत जाऊ नयेत, एवढंच त्यांचं म्हणणं.

याला थोरपण म्हणावं की काय म्हणावं, मला अजून ठरवता आलेलं नाही. लहानपणापासून ही हकिगत आदर्श म्हणून ऐकली आणि दर वेळी पोटात खड्डा पडला. त्या घरातल्या आईचा विचार त्या हकिगतीत कुणी करत नाही. पण तुम्ही दाराशी उभे आहात, पडदा वर गेलाय, आणि आत एक मुलगी बापाच्या श्रीमंतीवर खूश होऊन नाचऱ्या लयीत गातेय. आवाजात कुठे भेग आहे का, म्हणून तुम्ही कान देऊन ऐकता. नाही. भेग नाही. त्यानेच तुमचे डोळे भरून येतात.

परतीच्या वाटेवर काळ तुम्हाला मधल्या तीन ठिकाणी थांबवतो.

१९३२, कोल्हापूर. प्रभात कंपनीचा मराठी बोलपट ‘अयोध्येचा राजा’. हरिश्चंद्राच्या वेषात कोण? ‘मानापमान’ला चाली देणारे टेंबेच. संगीतही त्यांचंच. तारामती दुर्गाबाई खोटे. नाटकाचं गाणं सिनेमात आलं ते असं, त्याच माणसाच्या गळ्यातून. पण आता स्त्रीचं काम स्त्री करतेय. भामिनीचं काम करणाऱ्या पुरुषाचं पुढे काय, हा प्रश्न त्याच दिवशी उभा राहिला.

१९३५, पुणे. प्रभात आता इथे आलीय, आज जिथे फिल्म इन्स्टिट्यूट आहे तिथे. तुमच्या मोशीहून तासाभराच्या आत. व्ही. शांतारामांच्या ‘धर्मात्मा’त बालगंधर्व संत एकनाथ झालेत. सिनेमाचं नाव आधी ‘महात्मा’ होतं, सेन्सॉरला ते चाललं नाही. तुम्ही दिव्यांच्या मागे उभे राहून बघता. पुरुषवेषातले बालगंधर्व. शॉट थोडा वेळ चालतो, “कट” होतं. पुन्हा दिवे, पुन्हा तीच ओळ. समोर कुणी नाही. भिंगाचा एक काळा डोळा, जो वन्स मोअर देत नाही, उसासा टाकत नाही. तीस वर्षं हा माणूस समोरच्या माणसांच्या श्वासावर गायला. आता तो श्वासच काढून घेतलाय.

१९३७. बाबूराव पेंटरांचा ‘साध्वी मीराबाई’. इथे त्यांनी पुन्हा शालू नेसलाय. सिनेमात स्त्रीच्या वेषात ते एवढ्या एकदाच दिसले. वय ४९. रंगभूमी तीस फुटांवरून बघायची असते. कॅमेरा गालाजवळ येतो. जे तिथे खरं होतं ते इथे उघडं पडतं. चित्रपट चालला नाही. यात बालगंधर्वांची कला कमी पडली असं मी मानणार नाही. कलेचं अंतर चुकलं.

हे सगळीकडे असं झालं नाही, म्हणून जास्त चुटपूट लागते. हाँगकाँगला कँटोनी भाषेतलं संगीत नाटक आहे, आपल्यासारखंच गाण्यावर उभं. तिथे तोंग तिक-सांग या नाटककाराचं ‘दाय नुई फा’ १९५७ मध्ये ली थिएटरात आलं. मिंग राजवटीची शेवटची राजकन्या आणि तिचा वर, राज्य बुडालेलं, लग्नाच्याच रात्री दोघं राजवाड्याच्या बागेत विष घेतात. राजकन्या बाक स्युत-सिन, आणि वर याम किम-फाय, जी स्वतः स्त्री. आपल्याकडे पुरुष भामिनी होत होता, तिथे स्त्री नवरदेव होत होती. दोनच वर्षांत, १९५९ मध्ये, त्याच जोडीला घेऊन त्याचा सिनेमा झाला. ते डोळे, ते हात, ते आवाज आज कुणालाही बघता येतात. आपल्या १९२१ च्या जोडीच्या नशिबी ते नव्हतं. भारतात पहिला बोलपट यायलाच आणखी दहा वर्षं होती.

म्हणून २०२५ च्या सिनेमाकडे मी आपुलकीने बघतो. ११४ वर्षांपूर्वीचं नाटक, त्यातली भाषा जड झालेली, पन्नासाच्या आसपास पदं. त्यातून पडद्यावर मावेल एवढं काढायचं, नव्या चाली द्यायच्या, जुन्या जपायच्या. हे धाडसाचं काम आहे आणि ते मनापासून केलंय. त्यात एक गोष्ट मात्र येऊ शकत नाही, आणि तो सिनेमा करणाऱ्यांचा दोष नाही. ती गोष्ट म्हणजे वेळ. सिनेमातल्या गाण्याला चारपाच मिनिटं मिळतात. रंगभूमीवर भामिनी एका शब्दावर तेवढी थांबायची. तिचा अहंकार वितळायला जो वेळ लागतो, तो प्रेक्षकाला तिच्याबरोबर घालवावा लागायचा. तोच तर त्या प्रेमाचा पुरावा होता.

थंडीने जाग येते. दगड गार पडलाय. पूल जागेवर आहे, त्यावरचे दिवे आहेत, आणि पाण्यावर पांढरा फेस तरंगतोय. पाच वाजत आलेत. पहिल्या पाळीच्या बसेस चाकणच्या दिशेने जायला लागल्यात. खिडक्यांना डोकी टेकून झोपलेली तुमच्यासारखीच पोरं, परभणीची, धाराशिवची, यवतमाळची. म्हाताऱ्याची बैलगाडी जिथून निघाली, तिथे आता इमारतींच्या मागे इमारती उभ्या आहेत. काहींच्या गच्चीवर लग्नाच्या रोषणाईच्या माळा अजून चालू आहेत.

तुम्ही मोबाइल काढता. तो निरोप पुन्हा वाचता आणि उत्तर न देता बंद करता. धैर्यधराने जे केलं तेच. राग नाही, पण मान आहे.

मान रंगभूमीचाही राखावा लागतो. केशवरावांच्या नावाचं कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री जळालं. दुसऱ्या दिवशी त्यांची जयंती होती. त्याच वर्षाच्या जानेवारीत शंभरावं अखिल भारतीय नाट्य संमेलन आपल्या पिंपरी-चिंचवडमध्ये भरलं होतं. आपल्याकडे नाट्यगृहं आहेत : चिंचवडला रामकृष्ण मोरे, पिंपरीला आचार्य अत्रे, भोसरीला अंकुशराव लांडगे. सिनेमा पाहिलात ते फार चांगलं केलंत. आता संगीत नाटकाचा प्रयोग यातल्या कुठेही लागला, तर तिकीट काढा, पाळी बदलून घ्या, मित्राला बरोबर न्या. आणि पद रंगलं तर संकोच न करता वन्स मोअर द्या. गाणारा ते ऐकायलाच उभा असतो.